खिशातला चौथा माणूस

हसणार नाही असं आधी कबूल करा, मगच सांगतो. कबूल? तोंड दाबून मान हलवणं चालणार नाही, नीट सांगा. हं. आता ऐका माझी फजिती. त्या दिवशी मला काय अवदसा आठवली होती, देव जाणे!

तुम्हाला माहीतच आहे, मी वर्ध्यात ज्युनिअर कॉलेजला इंग्रजी शिकवतो आणि बोरगाव मेघेला राहतो. कुठला शब्द कुठून आला हे लोकांना सांगायचा मला नाद आहे. नाद कसला, रोगच तो. बायकोने नुसतं विचारलं की भाजीत मीठ बरोबर आहे का, तर मी मिठावरून पगाराच्या इंग्रजी शब्दावर जातो आणि तिथून रोमन सैन्यात पोचतो. तोवर भाजी थंड. आता ती विचारतच नाही.

तर त्या आठवड्यात मला ‘थ्री’ हा शब्द चावला होता. होय, साधा एक-दोन-तीनमधला थ्री! पण त्याचा गोतावळा बघाल तर चाट पडाल. इंग्रजांचा थ्री, आपला त्रि, लॅटिनचा ट्रेस, सगळे चुलतभाऊ. एका खापरपणजोबाची लेकरं. आठवडाभर स्टाफरूममध्ये मी हेच सांगत होतो. शेवटी शेवटी मी आत शिरलो की लोकांना एकदम तास आठवायचे.

आता माझी मोठी बहीण. आमच्याकडे मोठ्या बहिणीला ‘बाई’च म्हणतात. बाईचा मुलगा पंकज, वय तेहतीस. बाईला मात्र विचाराल तर म्हणेल, “बत्तीस सरलं.” तेहतीस म्हणणार नाही, त्यात दोनदा तीन येतात ना! पोरगा निर्व्यसनी, कंपनीत सुपरवायझर, घरी थोडी शेती. तरी पाच ठिकाणांहून नकार. एकीला पुणंच हवं होतं, एकीला सरकारी नोकरीवाला, एकीने तर कारणही सांगितलं नाही. बाईचा जीव नुसता टांगणीला लागलेला.

सहावं स्थळ आलं देवळीचं. प्रांजली नाव, वर्ध्यात लॅब टेक्निशियन. तिला फोटो पसंत, शिक्षण पसंत, सगळं जुळत आलेलं. राहिला होता तो घरच्यांचा होकार. आणि त्या घरात होकार द्यायचा अधिकार एकाच माणसाला होता, प्रांजलीच्या मोठ्या काकूला. सगळं गाव तिला ‘मोठी आई’ म्हणायचं आणि घाबरायचं.

“हे बी गेलं ना विलास, तर मी हात टेकले,” बाई मला म्हणाली. खरं सांगतो, तिचे डोळे बघून मलाच कसंतरी झालं.

भाऊजींचा पाय प्लॅस्टरमध्ये. म्हणून निघालो आम्ही तिघं, बाई, पंकज आणि मी. उंबऱ्यातच बाईने माझ्या हातावर काहीतरी ठेवलं.

“हे खिशात ठेव.”

“काय आहे?”

“खडा.”

“कायले?”

“आपन तिघं हावो ना! पोट्टी पाहाले तिघं जातेत का कोनी? हा आपला चौथा मानूस.”

आता बोला! ज्या माणसाने आठवडाभर तिनाची थोरवी गायली, त्याच्याच हातावर तिनाला उतारा म्हणून दगड! माझं डोकंच फिरलं.

“बाई, अर्धं जग एकाच शब्दाने तीन मोजतं. इंग्रज तिघंतिघं फिरले आणि आपल्यावर राज्य करून गेले. त्यांचं काय वाकडं झालं?”

“गेलेच ना शेवटी? ठेव खिशात.”

ठेवला खिशात. लिंबाएवढा खडा, वर नवी शिवलेली पँट, टेलरने मांडीला घट्ट केलेली. पाऊल टाकलं की टोचायचा, बसलो की जास्तच टोचायचा.

बस स्टँडवर दुसरा तमाशा. एसटीत तीन जणांचा अख्खा बाक रिकामा मिळाला. सांगा, कधी मिळतो का असा? बाई बसायलाच तयार नाही! “तिघं एका बाकावर नाई बसाचं.” मायलेक गेले दोनच्या सीटवर, मी तिनाच्या. माझ्या शेजारी दोन अनोळखी येऊन बसले, म्हणजे इथेही तिसरा मीच. खडा मांडीत रुतून राह्यला होता. शेजारच्याला मी म्हटलं, “दादा, प्रवासाला इंग्रजीत ट्रॅव्हल म्हणतात ना, तो शब्द मुळात माणसाला छळायच्या यंत्रावरून आलाय. तीन खुंट ठोकलेलं यंत्र. बघा, तिथेही तीन!”

त्याने माझ्याकडे पाहिलं, रुमाल तोंडावर घेतला आणि म्हणाला, “देवळी आली का उठवजा, मास्तर.” मी मास्तर आहे हे त्याला कसं कळलं कोण जाणे!

देवळीला उतरून पायी निघालो. तीन रस्ते मिळतात तिथे एक कडुनिंब आहे. मला राहवतंय थोडंच! “पंकज, ट्रिव्हियल म्हणजे क्षुल्लक. तो शब्द अशाच तीन रस्त्यांच्या नाक्यावरून आला. नाक्यावर लोक रिकाम्या गप्पा मारतात ना, त्या क्षुल्लक.”

पंकजने हात जोडले. “मामा, तथी गेल्यावर तीनच गोष्टी बोला. हो, नाई, आन पोहे चांगले झाले.”

बाई गर्रकन वळली. “तीन काऊन? चार सांग!”

“बरं, आन पानी द्या.”

दोघं हसत पुढे गेले. मी मागे, लंगडत. आणि त्या क्षणी माझा संयम सुटला. काय म्हणून मी हा धोंडा वागवतोय? सव्वीस वर्षं पोरांना शिकवलं, तपासून बघा, विचार करा, आणि स्वतःच्या खिशात काय? खडा! काढला आणि दिला कडुनिंबाखाली सोडून. अहाहा, काय मोकळं वाटलं! ताठ चालत मी देवळीत शिरलो.

घर छान होतं. प्रांजलीचे वडील सुरेशभाऊ भाजीपाला पिकवतात, ओसरीवर वांग्यांचे कॅरेट आणि सांबाराच्या, म्हणजे कोथिंबिरीच्या, जुड्या. समोरच्या खोलीत चार खुर्च्या ओळीने मांडलेल्या. चार ग्लास पाणी. मोठी आई दिवाणावर बसलेली, कपाळावर रुपयाएवढं कुंकू, नजर अशी की मला माझ्या शाळेच्या हेडबाई आठवल्या.

सुरेशभाऊंनी हात जोडले. “या, या. चौथे मांगून येऊन राह्यले का?”

आणि मी, इंग्रजीचा मास्तर, तपासून बघणारा, विचार करणारा, पटकन बोलून गेलो, “कोण चौथे? आम्ही तिघंच आहोत.”

दिवाणावरून मोठी आई आम्हाला बोटाने मोजायला लागली.

झालं होतं असं की बाईने फोनवर ‘आम्ही चौघं येतो’ म्हणून सांगितलं होतं. तीन हा शब्द तिने फोनवरसुद्धा तोंडातून काढला नव्हता. आणि तिकडे मोठी आई तिच्याहून चार पावलं पुढे!

“तिघं?” मोठी आई म्हणाली. “पोट्टीच्या कामाले तिघं आले?”

“जाऊ द्या ना वहिनी,” सुरेशभाऊ पुटपुटले.

“काऊन जाऊ देऊ? ज्याइले इतकं कळत नाई, त्याइच्या घरी पोट्टी देतं का कोनी?”

पंकजचा चेहरा पडला. सहावा नकार त्याला समोर दिसायला लागला. पण बाई हसली, एकदम निवांत. “अवो मोठी आई, याचं काय ऐकता! आनला आमी चौथा. घरच्या देवापासून उचलून आनला. विलास, दाखव.”

सगळे माझ्या खिशाकडे बघायला लागले. माझा खिसा सपाट! चौथा माणूस तिकडे कडुनिंबाखाली सावलीत पडलेला!

“दाखवतो ना,” मी म्हटलं. “आधी जरा हातपाय धुऊन येतो.”

मागच्या अंगणात गेलो ते पळतच. म्हटलं, दगड काय, कुठेही मिळेल. तुम्ही देवळीत कधी दगड शोधलाय? शोधू नका! काळीभोर कसदार माती. कपाशीला सोनं, पण खडा म्हणाल तर औषधाला नाही. आणि यांच्या अंगणाला सिमेंट केलेलं, वर लख्ख झाडलेलं. मी कुंड्या उकरल्या, तुळशीभोवती रांगलो. आतून बाईची हाक, “विलास, झालं का?”

तेवढ्यात न्हाणीच्या कोपऱ्यात दिसला. काळा, खरबरीत, संत्र्याएवढा, ओला. मी मागचापुढचा विचार न करता उचलला, रुमालाने पुसला आणि खिशात कोंबला. शिवण उसवल्याचा आवाज आला. पँटवर ओला डाग पसरला. हा डाग कसला दिसत असेल, ते तुम्हीच समजा.

आत येऊन मी दगड बाहेर काढला. बाईचा खडा लिंबाएवढा होता आणि हे तर संत्रं! तिने एकदा दगडाकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. ती नजर मी मरेपर्यंत विसरणार नाही.

“मोठाच खडा आनला,” सुरेशभाऊ म्हणाले.

“कामही मोठं आहे ना!” मी म्हणालो.

मोठी आई मात्र खूश! “असे पाहिजे मानसं. नाईतर लोक रस्त्यावरची गिट्टी उचलून आनतेत.” तिने स्वतःच्या हाताने दगड चौथ्या खुर्चीवर बसवला. कुंकू लावलं. वर झेंडूचं फूल ठेवलं. पोहे आले, तर चौथी प्लेट त्याच्यासमोर! आणि खोटं नाही सांगत, त्याच्या प्लेटमध्ये शेंगदाणे माझ्यापेक्षा जास्त होते.

प्रांजली चहा घेऊन आली. शांत, धीट पोरगी. पंकजने दोन प्रश्न विचारले, तिने तीन. सगळं सुरळीत. आता मी गप्प बसायला हवं होतं की नाही? पण जिवावरचं शेपटावर निभावलं की माणसाला जोर येतो. मी म्हटलं, “प्रांजली, थ्री हा शब्द कुठून आला माहीत आहे?”

पंकजने डोळे मिटले.

“नाई माहीत, मामा. सांगा ना,” ती बिचारी सभ्यपणे म्हणाली.

सांगा ना! मला आजवर असं कुणी म्हटलं नव्हतं. सुटलो मी. त्रि सांगितला, ट्रेस सांगितला, तीन रस्ते, तीन खुंट, सगळं. शेवटी म्हणालो, “आणि लॅटिनमध्ये साक्षीदाराला जो शब्द आहे ना, तोही तिनातूनच आला असं मानतात. दोघांचं भांडण, आणि शेजारी उभा असलेला तिसरा, तो साक्षीदार. म्हणजे तिसरा माणूस अशुभ नाही, तो सत्याचा माणूस!”

मोठी आई पहिल्यांदा माझ्याकडे वळली. “म्हंजे तिसरा तो साक्षीदार?”

“हो!”

“मंग अथी तिसरे तुमी. द्या साक्ष. हा खडा घरच्या देवापासून आनला ना?”

बाई छताकडे बघायला लागली.

“हो,” मी म्हणालो.

“बस्स झालं,” मोठी आई उठली. “पोट्टा मले पसंत हाये. पाय धुऊन येतो, मंग भरा पोट्टीची ओटी.”

बाईच्या डोळ्यांत पाणीच आलं. पंकज लाल झाला. सुरेशभाऊ साखर आणायला धावले. आणि मागून, न्हाणीतून, गगनभेदी आवाज आला.

“माह्या पाय घासाचा दगड कोनं नेला?”

सुरेशभाऊ साखर हातात घेऊनच तिकडे वळले.

“असंन ना तथीच, वहिनी!”

“नाई ना! वीस वर्षं झाले, या कोपऱ्यातून हालला नाई!”

सुरेशभाऊंनी बादली उचलून पाहिली. त्यांच्या बायकोने नाली पाहिली. पंकजही उठला मदतीला, भला पोरगा. मी जागेवर बसून राहिलो, त्या दगडाकडे पाठ करून. अख्खं घर दगड शोधून राह्यलं आणि दगड खुर्चीवर, कुंकू लावून, पोहे पुढ्यात घेऊन!

प्रांजली मात्र हलली नव्हती. लॅबमध्ये काम करणारी पोरगी, बारीक बघायची सवय. तिने चौथ्या खुर्चीकडे पाहिलं. मग माझ्या पँटवरच्या ओल्या डागाकडे. मग परत खुर्चीकडे.

“मोठी आई,” ती म्हणाली, “तुमचा दगड पोहे खाऊन राह्यला.”

मग ती हसली. हसली म्हणजे काय, ओढणी तोंडात कोंबून, कोलमडून हसली. तिच्याकडे बघून पंकजला फुटलं. दोघं समोरासमोर डोळे पुसत हसताहेत आणि आम्ही मोठी माणसं खांबासारखी उभी!

“विलास!” बाई कडाडली. “मी देल्ला तो खडा कुठी हाये?”

“नाक्यावर. कडुनिंबाखाली.”

“फेकला? माह्या पोराच्या नशिबाचा खडा फेकला?”

मी मान खाली घातली. मोठी आई ओल्या पायांनी माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

“मास्तर, साक्षीदार तिसरा असते, हे सांगतलं तुमी. खोटा असते हे नाई सांगतलं.”

मेल्याहून मेल्यासारखं झालं हो. मी दगड उचलला आणि तिच्यापुढे धरला. “चुकलं माझं. घ्या तुमचा दगड.”

ती दोन पावलं मागे सरली. “अरे बावा, कुंकू लावलं मी त्याले! पाव्हना म्हनून बसवला, फूल वाह्यलं. आता त्याले पाय घासू का? घेऊन जा. चौघं आलते, चौघंच जा.”

ओटी राहिली. होकार राहिला. साखर सुरेशभाऊंच्या हातातच राहिली. परतीच्या एसटीत दोनच जागा मिळाल्या. एकीवर पंकज, एकीवर बाई, बाईच्या मांडीवर पदराखाली दगड. दगड बसून आला, मी वर्ध्यापर्यंत उभा.

पुढचे दहा दिवस बाई माझ्याशी बोलली नाही. तुम्हाला हसू येतंय, पण मला अन्न गोड लागत नव्हतं. थ्री गेला खड्ड्यात! पोराचं जमत आलेलं लग्न मी एका खड्यापायी मोडलं, हेच सारखं डोक्यात. कॉलेजात मी शब्दाचं मूळ सांगणंच बंद केलं. पोरं विचारायला लागली, सर बरे आहेत ना?

अकराव्या दिवशी पंकजचा फोन. “मामा, हो आला.”

“काय सांगतोस! मोठी आई मानली?”

“प्रांजलीनं मनवलं. म्हने, आजवर जे आले त्याइनं नुसती परीक्षा घेतली. हा पह्यला, जो माह्यासंगं हसला.”

अंगावरचं ओझं उतरलं. तेवढ्यात फोन बाईने घेतला. दहा दिवसांनी तिचा आवाज ऐकला. “रविवारी साक्षगंधाची तारीख काढाले जाचं हाये. मी, तुहे भाऊजी आन पंकज. तू बी चाल.”

भाऊजींचं प्लॅस्टर निघालं होतं. मी बोटं मोजली. तीन अधिक मी! मला गहिवरून आलं. बाईने माफ केलं!

तरी स्वभाव. विचारलंच, “काऊन बाई, खडा नाई नेत?”

“नेत होतो. पन मोठी आईचा फोन आलता. म्हने, या खेपेले खडा नका आनू, मास्तरलेच आना. फक्त खड्यावानी बसाले सांगा.”

गेलो. दुसरं करणार काय? चार खुर्च्या, मी चौथ्यावर. साखरपुड्याची तारीख निघाली, याद्या झाल्या, देणंघेणं नको म्हणून दोन्हीकडून हात जोडले गेले. मी हूं की चूं केलं नाही. थ्री, फोर, कशाचंच मूळ सांगितलं नाही.

मग पोह्यांच्या प्लेटा आल्या. वाफ निघत होती, वर सांबार, खोबरं, आणि शेंगदाणे असे भरपूर! सगळ्यांना दिल्या. मोठी आई माझ्यासमोर प्लेट घेऊन थांबली आणि मला नाही, बाईला विचारलं, “यांच्या पुढ्यात ठेवू का? मांगच्या चौथ्यानं खाल्ले नव्हते.”

बाईने माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही.

“ठेवा ना,” ती म्हणाली. “कुंकू तेवढं लावा.”